मागल्या तारखेची बढती

२९ एप्रिल १९६० रोजी तेव्हाच्या मुंबई राज्याच्या सरकारने आपल्या अभियंत्यांच्या भरतीचे आणि ज्येष्ठतेचे नवे नियम काढले. दोन दिवसांनी, १ मेला, ते राज्यच उरले नाही. महाराष्ट्र आणि गुजरात वेगळे झाले, माणसे वाटली गेली, दप्तरे वाटली गेली आणि हे नियमही दोन्हीकडे जसेच्या तसे गेले. त्यांतल्या आठव्या नियमात एक छोटासा पोटनियम होता. एखाद्या वर्षी थेट भरतीने आलेले परिवीक्षाधीन उपअभियंते त्या वर्षी कायम झालेल्या बढतीवाल्यांच्या वर एकगठ्ठा बसवावेत, असा त्याचा आशय. या पोटनियमाने सुरू झालेला वाद संपायला तीस वर्षे लागली. सरकारी नोकराची बढती नेमक्या कोणत्या तारखेपासून धरायची, या प्रश्नाची भारतातली बरीचशी उत्तरे या एका वादातून निघाली आहेत.

बांधकाम खात्यात उपअभियंत्याच्या खुर्चीपर्यंत पोचायच्या दोन वाटा होत्या. पदवी घेऊन निवड झाली की थेट वर्ग दोनमध्ये येता येई. दुसरी वाट लांबची. ओव्हरसिअर म्हणून लागायचे, रस्त्यांच्या आणि बंधाऱ्यांच्या कामांवर वर्षे काढायची आणि मग बढतीची वाट बघायची. नियमात दोन्ही वाटांचे प्रमाण ७५ आणि २५ असे होते, तेही 'शक्य तोवर'. पण पंचवार्षिक योजनांचा तो काळ. धरणे, कालवे, रस्ते, इमारती यांची कामे एकदम निघाली आणि थेट भरतीने पुरेशी माणसे मिळेनात. म्हणून ओव्हरसिअरांना 'स्थानापन्न' उपअभियंता नेमण्यात येऊ लागले. काम त्या पदाचे, जबाबदारी त्या पदाची, मोजमाप-पुस्तकावर सहीही त्यांचीच. फक्त 'कायम' हा शेरा सेवापुस्तकात पडलेला नसे.

तो शेरा कधी पडायचा, याला काही ठरलेला हिशेब नव्हता. थेट भरतीने आलेल्या माणसासाठी कायम पद राखून ठेवलेले असे. परिवीक्षा संपली की तो आपोआप कायम. बढतीवाल्याला मात्र कायम पद मोकळे होऊनही ते मिळेल याची खात्री नसे, कारण ते द्यायचे की नाही हे मंत्रालयातल्या फायलीवर अवलंबून. समजा, एक ओव्हरसिअर १९५८ साली उपअभियंता झाला, बारा वर्षे अखंड त्या पदावर राहिला आणि १९७० साली कायम झाला. १९७० सालीच एक तरुण पदवीधर थेट भरतीने आला. नव्या पोटनियमाप्रमाणे यादीत तो तरुण वर आणि बारा वर्षांचा अनुभवी खाली. पुढे कार्यकारी अभियंत्याचे पद रिकामे झाले की नाव निघणार यादीच्या क्रमाने. जुन्या मुंबई सरकारच्या नोव्हेंबर १९४१ च्या ठरावात याउलट होते. तिथे बढतीवाल्याची ज्येष्ठता अखंड स्थानापन्न सेवेच्या तारखेपासून धरलेली होती. म्हणजे १९६० च्या नियमांनी जवळजवळ वीस वर्षांची समजूत उलटी केली.

या अभियंत्यांच्या आधी महसूल खात्यातली माणसे कोर्टाच्या वाटेला लागली होती. तो वाद १ नोव्हेंबर १९५६ चा. त्या दिवशी भाषावार प्रांतरचनेने द्विभाषिक मुंबई राज्य झाले. मराठवाडा निजामाच्या जुन्या हैदराबाद राज्यातून आला, विदर्भ मध्य प्रदेशातून, सौराष्ट्र आणि कच्छही आले. प्रत्येक मुलुखातले सरकारी नोकर आपापले नियम, आपापल्या वेतनश्रेणी आणि आपापल्या बढतीच्या अपेक्षा घेऊन आले. राज्य पुनर्रचना कायद्याच्या ११५ व्या कलमाप्रमाणे या सगळ्यांची एक यादी करायची होती. कोणते पद कोणत्या पदाच्या बरोबरीचे, कोण कोणाच्या वर, हे ठरेपर्यंत सगळे 'तात्पुरते'. हे तात्पुरतेपण काही ठिकाणी दहा-दहा वर्षे टिकले.

हैदराबादहून आलेल्या तहसीलदारांची तक्रार अशी होती की उपजिल्हाधिकारी हे पद सबंध राज्याचे एक, पण त्यासाठी नावे निवडताना प्रत्येक महसूल विभागाची वेगळी यादी धरली जाते. त्यामुळे एका विभागात जागा लवकर निघाल्या की तिथला कनिष्ठ माणूस वर जातो, आणि दुसऱ्या विभागातला त्याच्याहून ज्येष्ठ तहसीलदार आहे तिथेच राहतो. देवधर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या खटल्याचा निकाल नोव्हेंबर १९७३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने दिला. न्या. भगवती यांनी लिहिलेल्या त्या निकालाने विभागवार पद्धत समानतेच्या हक्काविरुद्ध ठरवली. सरकारचा एक बचाव असा होता की हे लोक दहा वर्षांहून अधिक उशिरा आले आहेत, इतक्या जुन्या गोष्टी आता उकरू नयेत. न्यायालयाने तो मानला नाही. ज्या बढत्या दिल्या त्या सगळ्या तात्पुरत्या होत्या, यादी अंतिम झालेली नव्हती, मग उशीर झाला असे म्हणण्याचा अधिकार सरकारला कुठून आला, असा त्याचा रोख होता.

मला हा निकाल महत्त्वाचा वाटतो तो या मुद्द्यासाठी. कारण एका वर्षाच्या आत, तामिळनाडूतल्या एका खटल्यात, त्याच न्यायालयाने सांगितले की आपल्या डोक्यावरून कनिष्ठाला बढती मिळाली असेल तर माणसाने सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात कोर्टात यावे. तिथला अर्जदार चौदा वर्षांनी आला होता आणि त्याला रिकाम्या हाताने परत जावे लागले. पुढे प्रशासकीय न्यायाधिकरणांच्या कायद्यातही एक वर्षाचीच मुदत आली. नोकराने वर्षभरात जागे व्हावे, ही अपेक्षा योग्यच आहे. पण यादी अंतिम करण्याची मुदत सरकारवर तितक्याच कडकपणे कधी लादली गेली नाही, आणि पुढचे बहुतेक वाद या एका विषम वागणुकीतून जन्मले.

आता मागल्या तारखेच्या बढतीचा हुकूम कोर्ट देऊ शकते का? १९६८ साली म्हैसूर राज्याच्या सांख्यिकी खात्यातल्या काही कर्मचाऱ्यांचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात आले. ज्येष्ठ असूनही त्यांचा विचारच न करता खालच्यांना वर घेतले होते. उच्च न्यायालयाने सरळ बढती देऊन टाका म्हणून सांगितले होते. सर्वोच्च न्यायालयाने तो हुकूम बदलला. बढती देणे हे सरकारचे काम. कोर्टाने एवढेच सांगावे की कनिष्ठांना ज्या दिवशी बढती दिली त्या दिवशी हे लोक पात्र होते का, याचा आता नीट विचार करा, आणि पात्र ठरले तर त्या तारखेपासून बढती द्या. सहा वर्षांनी, म्हैसूरच्याच आणखी एका प्रकरणात, न्या. कृष्ण अय्यर यांनीही हीच मर्यादा आखली. गुणवत्तेची तुलना करायची असेल तर ती निवड समितीने करायची, न्यायाधीशाने नाही.

या मार्गाला तेव्हापासून आजपर्यंत क्वचितच फाटा फुटला आहे. कोर्ट म्हणते 'विचार करा', आणि समिती कैक वर्षांपूर्वीचे गोपनीय अहवाल काढून, त्या वेळी आपण बसलो आहोत असे मानून निर्णय देते. त्यातून जी तारीख निघते तिला आपल्याकडे 'मानीव दिनांक' म्हणतात. महाराष्ट्रातल्या कुठल्याही जिल्हा परिषदेत, तहसीलीत, पोलीस मुख्यालयात निवृत्तीला आलेल्या माणसाच्या तोंडी हा शब्द असतो. "मानीव दिनांक मिळाला का?" एवढे विचारले तरी समोरच्याची सगळी सेवा कशी गेली ते कळते.

अभियंत्यांच्या वादाचा पहिला मोठा निकाल मे १९७७ मध्ये लागला. पटवर्धन विरुद्ध महाराष्ट्र राज्य. महाराष्ट्र आणि गुजरात, दोन्ही राज्यांतले बढतीवाले उपअभियंते एकाच वेळी न्यायालयापुढे होते, कारण दोघांच्या पदरात तोच आठवा नियम पडला होता. निकाल लिहिला न्या. यशवंत विष्णु चंद्रचूड यांनी. पुण्यात वाढलेला, मुंबई उच्च न्यायालयात वकील आणि न्यायाधीश म्हणून वर्षे काढलेला माणूस; सरकारी दप्तरातली ही भाषा त्यांच्या कानावरून गेलेली होती. पुढच्याच वर्षी ते सरन्यायाधीश झाले.

चंद्रचूडांनी प्रश्न फार सरळ मांडला. दोन माणसे एकाच पदावर, एकाच वेतनश्रेणीत, तेच काम करतात. त्यांतला एक केवळ सरकारने त्याला वेळेवर कायम केले नाही म्हणून खाली जातो. कायम होणे हे ना त्या माणसाच्या कामगिरीवर अवलंबून, ना कायम जागा रिकामी आहे की नाही यावर. सरकारी नोकरीतली ती एक नामुष्कीची अनिश्चितता आहे, असे त्यांनी म्हटले, आणि एक उदाहरण दिले ते मला वकिलांच्या शंभर युक्तिवादांहून वजनदार वाटते. देशाच्या एका भागात सर्वांना ठाऊक असलेले एक मान्यवर न्यायमूर्ती जिल्हा न्यायाधीश म्हणून कायम झाले ते उच्च न्यायालयाचे न्यायाधीश म्हणून कायम झाल्यावर काही वर्षांनी! जिथे न्यायाधीशाचीही ही गत, तिथे कालव्यावरच्या उपअभियंत्याने कोणाकडे बघायचे? तो पोटनियम रद्द झाला. ज्येष्ठता अखंड सेवेवरून धरायची, कायम होण्याच्या तारखेवरून नाही.

यादी बदलणे म्हणजे नुसती नावे खालीवर करणे नव्हे, हे मात्र कोर्टाबाहेर लगेच कळून आले. दरम्यानच्या सतरा वर्षांत जुन्या यादीवरून कार्यकारी अभियंते नेमले गेले होते, त्यांतले काही अधीक्षक अभियंते झाले होते. नव्या यादीप्रमाणे जो वर गेला त्याला कोणत्या सालापासून कार्यकारी अभियंता मानायचे? आणि जो आधीच त्या खुर्चीवर बसलेला, त्याचे काय? थेट भरतीने आलेल्यांची बाजूही ऐकण्यासारखी होती. सरकारने जो नियम छापला त्यावर विसंबून ते नोकरीला आले, आणि आता पंधरा वर्षांनी त्यांना सांगितले जाते की तुमच्या वर दोनशे नावे आहेत. नियम चुकीचा होता, पण तो त्यांनी केला नव्हता. अशा वादांत समोरासमोर उभे राहतात ते दोन नोकर. ज्याने घोळ केला ते खाते मात्र दोन्ही बाजूंना उत्तर दाखल करून बाजूला बसते.

सरकारने पुढे १९७८ आणि १९८२ मध्ये पुन्हा नवे नियम केले, याद्या पुन्हा निघाल्या, आणि या वेळी थेट भरतीवाल्यांची संघटना न्यायालयात गेली. पटवर्धन निकालच चुकीचा आहे, तो फिरवावा, ही त्यांची मागणी. प्रकरण पाच न्यायाधीशांच्या घटनापीठापुढे गेले आणि २ मे १९९० रोजी न्या. ललित मोहन शर्मा यांनी निकाल दिला. पटवर्धन निकाल कायम राहिला. निकालाच्या शेवटी त्यांनी मुद्द्यांची एक मालिका दिली आहे. देशभरातल्या सेवाविषयक वकिलांना तिचे पहिले दोन मुद्दे तोंडपाठ असतात. नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिवसापासून. पण नुसती तात्पुरती, नियम डावलून केलेली वेळ मारून नेणारी नेमणूक असेल तर ती सेवा धरायची नाही. आणि सुरुवातीला प्रक्रिया पुरती पाळली गेली नसली, तरी माणूस नियमित होईपर्यंत अखंड त्या पदावर राहिला असेल तर ती सेवा धरायची. पहिल्या मुद्द्याची शेपटी आणि दुसरा मुद्दा एकमेकांत कसे बसतात, यावर पुन्हा खटले झाले आणि १९९३ मध्ये बंगालच्या एका प्रकरणात न्यायालयाला त्याचा उलगडा करावा लागला. त्याच मालिकेत आणखी एक वाक्य आहे, त्याचा उल्लेख कमी होतो: एखाद्या सेवेबद्दल विचारपूर्वक दिलेला निर्णय पुन्हा पुन्हा उकरू नये, कारण मिटलेली घडी विस्कटणे सेवेच्याच हिताचे नसते. १९६० साली तिशीत असलेला ओव्हरसिअर तोवर निवृत्त झाला होता.

ज्येष्ठतेचा प्रश्न असा मार्गी लागला. पैशाचा राहिला होता. त्याची गोष्ट दारूगोळा कारखान्यांतली आहे. खडकी, देहूरोड, अंबरनाथ, वरणगाव, भुसावळ, भंडारा, अंबाझरी या नावांनी महाराष्ट्रातल्या कित्येक घरांची रोजीरोटी चालली, म्हणून ती आपल्याला परकी नाही.

६ नोव्हेंबर १९६२. चीनशी युद्ध चालू होते, कारखान्यांत उत्पादन वाढवायचे होते, तांत्रिक माणसे हवी होती. त्या दिवशी दारूगोळा कारखान्यांच्या महासंचालकांकडून एक परिपत्रक निघाले. पदविकाधारक पर्यवेक्षकाने 'अ' श्रेणीत दोन वर्षे समाधानकारक काम केले की त्याला चार्जमन करावे, असे त्यात होते. युद्धाच्या घाईत त्याप्रमाणे बढत्या झाल्या. जानेवारी १९६६ मध्ये ते धोरण बदलले. आता नियमात दिल्याप्रमाणे समितीमार्फत निवड. ज्यांची दोन वर्षे मधल्या काळात भरली आणि तरी बढती मिळाली नाही, असे अनेक जण मागे राहिले.

१९८१ साली सर्वोच्च न्यायालयाने अशा काही पर्यवेक्षकांच्या बाजूने एक छोटा आदेश दिला: परिपत्रकाचा लाभ इतरांना दिला तसा यांनाही द्यावा. त्यावर विसंबून १९८३ मध्ये मध्य प्रदेश उच्च न्यायालयाने आणखी काहींना मागल्या तारखेने चार्जमन मानले, त्यांची ज्येष्ठता वर नेली, पण मधल्या वर्षांच्या वेतनाची थकबाकी नाकारली. ते लोक थकबाकीसाठी आणि त्यांच्यासारखे इतर मूळ लाभासाठी सर्वोच्च न्यायालयात गेले. मार्च १९८९ च्या निकालात दोघांनाही नकार मिळाला. परिपत्रक नियमांना मागे सारू शकत नाही, हे इतरांना उत्तर; आणि ज्या पदावर काम केले नाही त्याचे वेतन मागता येत नाही, हे थकबाकीवाल्यांना. १९९३ मध्ये तर न्यायालयाने १९८१ च्या त्या आदेशाचा आधारच काढून घेतला. त्यावर वाढलेल्या ज्येष्ठता पुन्हा खाली आल्या. युद्धाच्या दिवसांत घाईने काढलेला एक कागद तीस वर्षे माणसांना वरखाली करत राहिला.

'काम नाही, वेतन नाही' हे सूत्र त्या निकालापासून मागल्या तारखेच्या बढतीला कायमचे चिकटले. मुळात ते संपकऱ्यांसाठी, विनापरवाना गैरहजर राहणाऱ्यांसाठी होते. कामावर यायला तयार असलेल्या, रोज खालच्या पदावर येऊन सही करणाऱ्या माणसाला वरचे काम दिलेच नाही, आणि मग त्याला सांगायचे की तू ते काम केले नाहीस, यात मला न्याय दिसत नाही.

तो अन्याय स्पष्ट शब्दांत ओळखला न्या. पी. बी. सावंत यांनी, ऑगस्ट १९९१ च्या जानकीरामन प्रकरणात. प्रश्न सीलबंद लिफाफ्याचा होता. कर्मचाऱ्यावर चौकशी चालू असेल तर पदोन्नती समिती त्याच्याबद्दलचा निष्कर्ष लिफाफ्यात बंद करते आणि चौकशी संपल्यावर तो उघडते. निर्दोष सुटला तर त्याला मागल्या तारखेने बढती मिळे, पण केंद्र सरकारच्या जानेवारी १९८२ च्या सूचनांत लिहिलेले होते की प्रत्यक्ष रुजू होईपर्यंतच्या काळाची थकबाकी मिळणार नाही. शिवाय लिफाफा केव्हापासून बंद करायचा याला धरबंध नव्हता. नुसती प्राथमिक चौकशी आहे, तक्रार आली आहे, एवढ्यावरही माणूस वर्षानुवर्षे अडकून राही.

सावंतांनी दोन्ही टोके बांधली. लिफाफा बंद करायचा तो शिस्तभंगाचे दोषारोपपत्र किंवा फौजदारी खटल्यात आरोपपत्र निघाल्यावर, त्याआधी नाही. आणि पूर्ण निर्दोष ठरलेल्या माणसाला थकबाकी नाकारता येणार नाही, कारण तो काम करायला तयार होता, त्याला दूर ठेवले ते सरकारने. 'काम नाही, वेतन नाही' हे सूत्र इथे लागत नाही. मात्र एक फट त्यांनी ठेवली. चौकशी लांबली ती कर्मचाऱ्यामुळे असेल, किंवा पुराव्याअभावी, संशयाचा फायदा मिळून तो सुटला असेल, तर थकबाकी द्यायची की नाही हे अधिकाऱ्याने कारणे देऊन ठरवावे. केंद्राने १४ सप्टेंबर १९९२ रोजी नव्या सूचना काढून हे सगळे स्वीकारले. ही फट ठेवण्यामागचा विवेक मी समजू शकतो. पण ती अपवादासाठी होती, आणि खात्यांनी मागल्या तारखेच्या आपल्या आदेशांत तिचे नियमात रूपांतर केले. 'मानीव दिनांक मंजूर, थकबाकी अनुज्ञेय नाही' ही आदेशाची शेवटची ओळ ज्याने वाचली नाही असा कर्मचारी सापडणे कठीण.

जानकीरामन निकालाच्या दीड-एक महिना आधी, ८ जुलै १९९१ रोजी, महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण सुरू झाले होते. मुंबई, नागपूर आणि औरंगाबाद अशी त्याची पीठे. लोक त्याला 'मॅट' म्हणतात. नोकरांचे वाद उच्च न्यायालयात तुंबू नयेत, जाणकारांपुढे लवकर सुटावेत, हा त्यामागचा हेतू. १९९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की न्यायाधिकरणाच्या निकालावर उच्च न्यायालयात जाता येईल. घटनेच्या दृष्टीने ते बरोबरच होते. नोकराच्या दृष्टीने मात्र दिल्लीपर्यंतच्या वाटेत आणखी एक पायरी वाढली.

मॅटपुढच्या मानीव दिनांकाच्या प्रकरणांत वारंवार येणारा नियम म्हणजे महाराष्ट्र नागरी सेवा (सेवेच्या सर्वसाधारण शर्ती) नियम, १९८१ मधला ३२ वा. बढती कोणत्या तारखेपासून अमलात येते ते तो सांगतो. हिशेब तीन टप्प्यांचा असतो. आधी यादीतली जागा. मग वेतननिश्चिती, म्हणजे त्या तारखेला बढती मिळाली असती तर आज मूळ वेतन किती असते, ते वेतनवाढी लावत कागदावर मोजायचे. आणि शेवटी, या दोन वेतनांतला फरक रोखीने द्यायचा की नाही. पहिले दोन टप्पे बहुधा मिळतात. निवृत्तिवेतन दुसऱ्यावर ठरत असल्याने म्हातारपणाची थोडी सोय होते. तिसऱ्यावर भांडण होते. केरळच्या एका प्रकरणात २००७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की याला सरसकट नियम नाही; बढती अन्यायाने रोखली असेल तर थकबाकीही द्यावी लागेल, प्रत्येक प्रकरण त्याच्या तथ्यांवर. हे म्हणणे योग्यच, पण त्याचा अर्थ प्रत्येकाने आपले प्रकरण घेऊन यायचे असाच होतो.

आरक्षणातून मिळालेल्या बढतीच्या ज्येष्ठतेचा वाद हा स्वतंत्र ग्रंथाचा विषय. इथे एवढेच सांगतो की तिथे तर राज्यघटनेलाच मागली तारीख घालावी लागली. १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की आरक्षणातून आधी वर गेलेल्याला मागून येणारा खुल्या प्रवर्गातला ज्येष्ठ पुन्हा गाठू शकतो. त्यावर संसदेने ८५ वी घटनादुरुस्ती केली आणि ती १७ जून १९९५ पासून लागू धरली. २००६ मध्ये नागराज निकालात ती अटींसह टिकली. महाराष्ट्रात मुंबई उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१७ मध्ये बढतीतल्या आरक्षणाचा २५ मे २००४ चा शासन निर्णय रद्द केला, आणि ७ मे २०२१ रोजी सरकारने काढलेल्या निर्णयाने २५ मे २००४ रोजी जी ज्येष्ठता होती ती धरून बढत्या द्यायचे ठरले. सतरा वर्षे मागची तारीख! त्या दिवशी सेवेत लागलेले तरुण आता मुलांच्या बारावीच्या फॉर्मची चिंता करत होते.

अलीकडच्या निकालांत न्यायालयाचा हात आखडलेला दिसतो. नोव्हेंबर २०१९ मध्ये मणिपूरच्या पोलीस अधिकाऱ्यांच्या प्रकरणात ठरले की माणूस सेवेत आलाच नव्हता त्या दिवसापासून, केवळ जागा तेव्हा रिकामी होती म्हणून, ज्येष्ठता देता येणार नाही. हे पटण्यासारखे आहे. रिकामी जागा म्हणजे हक्क नव्हे, हे न्यायालय १९८९ पासून सांगत आले आहे.

पण नोव्हेंबर २०२४ मधला पश्चिम बंगालचा निकाल मला पटत नाही. एक प्रधान वैज्ञानिक अधिकारी वरच्या पदाला पात्र होता. त्याच्या नावाची शिफारस लोकसेवा आयोगाने २९ डिसेंबर २०१६ रोजी केली. ३१ डिसेंबरला तो वयोमानाने निवृत्त झाला. अंतिम मंजुरीचा कागद आला ४ जानेवारी २०१७ ला. राज्याच्या न्यायाधिकरणाने त्याला निदान कागदोपत्री लाभ द्यावा, म्हणजे निवृत्तिवेतन वरच्या पदाच्या हिशेबाने व्हावे, असे म्हटले होते. उच्च न्यायालयाने तेच कायम केले. सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही आदेश रद्द केले. बढती अमलात येते ती माणूस वरच्या पदाचा कार्यभार घेतो तेव्हा, आणि निवृत्त माणूस कार्यभार घेऊ शकत नाही. नियमांच्या अक्षराशी ते सुसंगत आहे. पण त्या पदाचा प्रस्ताव वर्षअखेरपर्यंत कोणाच्या टेबलावर होता, या प्रश्नाची किंमत नेहमीप्रमाणे ज्याच्या हातात फाइल नव्हती त्यानेच मोजली. महाराष्ट्रात १ जानेवारीची ज्येष्ठतायादी दर वर्षी निघायची असते आणि निवडसूचीही दर वर्षी व्हायची असते. ज्या खात्यात या दोन गोष्टी ठरल्या वेळी होतात तिथल्या माणसांना मॅटची पायरी चढावी लागत नाही. ज्या खात्यांत होत नाहीत, त्यांच्या सचिवांना यादी लांबल्याबद्दल कारणे विचारणारा एखादा नियम १९६० च्या पुस्तकात नव्हता, १९८१ च्या पुस्तकात नव्हता आणि अजूनही झालेला नाही.